कंटिन्युटी

मी शिंपी. नट नव्हे.
हे आधीच सांगून टाकतो,
कारण मंगळवार पेठेत अजून दोघंतिघं
मला ‘हवालदार’ म्हणून हाक मारतात.

त्याचं असं झालं,
हवालदार करणारा माणूस सांगलीहून आलाच नाही.
खाकी डगला मीच शिवलेला, त्याच्या मापावर,
छाती अडतीस, बाही साडेतेवीस.
डायरेक्टरनं सेटवर नजर फिरवली,
माणसांकडं नाही, मापांकडं.
‘गणबावले, घाला अंगात.’
घातला. काखेत जरा ओढत होता.
‘चला, साहेबांनी बोलावलंय’,
एवढं एकच वाक्य सात वेळा म्हटलं
आणि सातही वेळा माझे डोळे हिरोच्या कॉलरवर.
एक टोक आत दुमडलं होतं.

पुढं रीतच पडली.
कपडा हजर, माणूस गैरहजर,
की आत मी.
प्रधान झालो, पोस्टमन झालो,
वरपक्षाकडचा मुका मामा झालो,
पन्हाळ्याच्या उतारावर मावळा होऊन मेलो.
मेल्या मेल्या बघितलं,
राणीसाहेबांच्या शेल्याची जर उसवलीय,
आणि सुईदोरा माझ्याच कमरेला.
मढ्यानं उठायचं कसं?
कट म्हणेपर्यंत दोन मुंग्या कानात गेल्या.

मरायचे पंधरा रुपये रोख मिळाले.
त्याच अंगरख्याचं रक्त काढायचे मिळाले नाहीत,
ते कपडेपटाच्या पगारात धरलेले असतात.
खोटं रक्त खऱ्यापेक्षा चिवट.
रंकाळ्याच्या दगडावर
माझं मरण मी तासभर घासत बसलो.

आता साडीचं.

हिरोच्या आईला इरकल पाहिजे होती,
नवी नको, अंगावर मुरलेली.
तसली दुकानात मिळत नाही.
घरी आलो, हौसाची जांभळी दांडीवरून काढली.
‘एका दिवसासाठी,’ म्हणालो.
‘पदराला हळदीचा डाग हाय.’
‘तोच पाहिजे.’

एक दिवस शूटिंग झालं.
आईनं दारात उभं राहून पोराला वाटेला लावलं.
पोरगा परत येतो तो सीन राहिला,
कारण त्या साली गुळाचा भाव पडला
आणि प्रोड्यूसरची चार गुऱ्हाळं होती.
साडी घडी करून ट्रंकेत ठेवली,
वर चिठ्ठी टाचली:
सीन एकेचाळीस. आई. निऱ्या सात.
पदर डावीकडून, डाग दिसता.
धुवू नये.

गोष्टीत पोरगा त्याच संध्याकाळी परत येणार होता.

हौसा भाचीच्या लग्नाला
जावेची साडी नेसून गेली.
पुढच्या लग्नाला नुसतं ट्रंकेकडं बघितलं.
त्याच्या पुढच्याला तेही नाही.
मी डांबरगोळ्या बदलत राहिलो.
फिल्मचे डबे मुंबईच्या लॅबमध्ये बिलासाठी अडकले.
आईचं काम केलेली बाई वारली.
पोरग्याला टक्कल पडलं,
इचलकरंजीत सायझिंग आहे त्याचं,
दिवाळीला भेटला तर म्हणतो, मास्तर, कधी लावायचा पॅच?
आणि दोघंही हसतो,
पण मी जरा कमी.

परवा दुपारी घरी आलो तर ट्रंक उघडी.
चिठ्ठी फरशीवर, टाचणीसकट.
मोरीत पाणी जांभळं.
‘अगं, कंटिन्युटी!’ मी ओरडलो,
सेटवर ओरडायचो तसा.

तिनं मान वर केली नाही.
‘धुतो मी. उद्या नेसतो, अंबाबाईला जातो.
तुमचा पोरगा आलाच मागनं,
तर सांगा त्याला,
आई भाईर गेलीया.’

दांडीवर पसरताना दुसरं टोक मी धरलं.
साबणानं डाग लालभडक झाला होता.
हळदच ती, उन्हात उडून जाईल.
उडायच्या आत
एकदा बघून घेतला,
डावीकडंच होता.